ठोकेबाबाची थांबलेली नाडी

हॉलमध्ये मुंगीला शिरायला जागा नव्हती. खुर्च्या भरल्या, मग जिना भरला, मग लोक खिडक्यांच्या कठड्यांवर चढून बसले. स्टेजवर पांढऱ्या गाद्यांच्या ढिगावर ठोकेबाबा डोळे मिटून बसला होता. अंगावर गळ्यापासून घोट्यापर्यंत जाड लोकरीचा झगा. बाहेर उन्हाने डांबर मऊ झालं होतं आणि हा माणूस लोकरीत! आम्हा सगळ्यांना तो वैराग्याचा पुरावा वाटला. माणूस एकदा आंधळा व्हायचं ठरवून आला की त्याला झगासुद्धा साक्षात्कार वाटतो.

"विज्ञान काय म्हणतं?" बाबा माइकमध्ये कुजबुजला. "काळीज थांबलं की माणूस मेला. मग मी कोण? मी रोज मरतो! तुमच्या लेकरांचा चुकलेला ठोका मी माझ्या काळजात ओढून घेतो. माझं काळीज बंद पडतं, तुमच्या लेकराचं सुरळीत चालू होतं. डॉक्टर कागद वाचतो. मी ठोका वाचतो!"

टाळ्यांनी पत्रे हादरले.

मग त्याने डावा हात पुढे केला. उजवा आशीर्वादासाठी मोकळा हवा, असं तो म्हणायचा. मनगट धरायला दर वेळी आजारी मुलाच्या आईला किंवा बापाला बोलावत असत. त्या दिवशी तो बाप मी होतो.

मी नळफिटर. चोवीस वर्षं भिंतीतले नळ बोटांनी वाचतोय. पाणी वाहतंय की अडलंय, हे मला पाइपवर हात ठेवला की कळतं. त्याच बोटांनी मी बाबाची नाडी धरली. टुक, टुक, टुक. मग मंद. मग काहीच नाही. मी तीस आकडे मोजले. मेलेल्या माणसाचं मनगट! मग बाबाने मोठा श्वास घेतला आणि नाडी परत आली.

"बसला!" तो ओरडला. "पोरीचा ठोका जागेवर बसला!"

ती पोर म्हणजे माझी मुलगी. तेरा वर्षांची. घरात तिला सगळे भिंगरी म्हणायचे, कारण ती चालत कधी गेलीच नाही, सगळीकडे पळत. महिनाभरात ती दोनदा पळतापळता कोसळली होती. छातीत आवळतं म्हणाली, डोळ्यांपुढे अंधार आला, दोन मिनिटांत पुन्हा उठून बसली. आमच्या गल्लीतल्या डॉक्टरांनी कार्डिओग्राम काढला. कागद स्वच्छ. तरी त्यांनी चष्मा काढून मला बजावलं, "बसल्याजागी नाही, पळतानाच चक्कर येते, हे मला आवडलेलं नाही. हृदयाचं स्कॅन करा. तोवर पळणं बंद." तारीख मिळाली दोन आठवड्यांनंतरची.

दोन आठवडे म्हणजे शेजाऱ्यांच्या जिभेला मोकळं रान. "कागद स्वच्छ आला ना? मग हे डॉक्टरांच्या हातातलं दुखणं नाही." बायको नको म्हणत होती. मीच हट्ट धरला. हे मी लपवणार नाही. पोरीला स्टेजवर घेऊन गेलो तो मी, नाडी धरली ती मी, आणि हॉलभर "थांबली हो थांबली!" असं ओरडलो तोही मीच.

बाबाने दोन आज्ञा दिल्या. आठ दिवस पळायचं नाही. आणि स्कॅन करायचं नाही, कारण यंत्राची किरणं लागली की बसलेला ठोका उडतो. आठ दिवस पोर पळाली नाही, आठ दिवस तिला काही झालं नाही. मला वाटलं, गुण आला. मीच फोन करून स्कॅनची तारीख रद्द केली.

नवव्या दिवशी शाळेच्या मैदानावर ती शर्यतीला उभी राहिली. मीच परवानगीच्या कागदावर सही केली होती. शेवटच्या वळणावर ती सगळ्यांच्या पुढे होती. तिथे ती गुडघ्यावर बसली. बुटाची नाडी सुटली असेल, असं तिच्या सरांना वाटलं.

ती उठली नाही.

शवविच्छेदनानंतर मोठ्या इस्पितळातल्या हृदयाच्या डॉक्टरबाईंनी आम्हाला बोलावलं. माझा धंदा विचारला आणि कागदावर पेन्सिलीने दोन जाड नळ काढले, एकमेकांना चिकटलेले. "हृदयातून निघणाऱ्या या दोन मुख्य लाइनी. हृदयाच्या स्नायूला रक्त पुरवणाऱ्या दोन बारीक नळ्या पहिल्या लाइनीवरून निघतात, एक डावीकडून, एक उजवीकडून. तुमच्या मुलीची डावी नळी जन्मतःच चुकीच्या जागेवरून निघाली होती. उजव्या बाजूने. मग डावीकडे पोचायला ती या दोन लाइनींच्या फटीतून गेली."

मला पुढचं सांगायची गरज नव्हती. तरी त्यांनी सांगितलं. "बसलेलं असताना काही त्रास नाही. म्हणून कार्डिओग्राम स्वच्छ. पळताना मुख्य लाइनी फुगतात, नळीचं तिरकं तोंड चेपतं. नेमकं जेव्हा हृदयाला जास्त रक्त हवं असतं, तेव्हाच पुरवठा तुटतो."

बायकोने एकच विचारलं. "स्कॅनमध्ये दिसलं असतं?"

डॉक्टरबाईंनी पेन्सिल खाली ठेवली. "हो. आणि ऑपरेशन होतं. नळीचं तोंड मोकळं करतात. बहुतेक मुलं पुन्हा पळायला लागतात."

बायको रडली नाही. घरी येऊन तिने पोरीचे बूट धुतले, उन्हात ठेवले, आणि त्यांच्याकडे पाठ करून बसली.

बाराव्या दिवशी कुणीतरी बाबाचा निरोप ऐकवला. त्याने भर हॉलमध्ये सांगितलं होतं, "ठोका मी बसवला होता. आईबापाच्या मनात शंका होती, तिने तो उडवला." त्या क्षणी माझ्या दुःखाचं जे काही झालं, त्याला मी सूड म्हणतो. शुद्ध, सरळ सूड. हत्यारांच्या पिशवीतला मोठा पाना काढून मी दाराकडे निघालो होतो. बायकोने उंबऱ्यात अडवलं.

"डोकं फोडलंत तर तो हुतात्मा होईल आणि तुम्ही खुनी. त्याचं डोकं नको, त्याचा बाजार उठवा."

"पण नाडी थांबली होती गं! या बोटांनी बघितलंय मी!"

"मग बोटांना विचारा, काय बघितलं ते."

उत्तर मिळालं ते कामावर. चौथ्या मजल्यावरच्या एका बाईंच्या नळाला पाणी नव्हतं. "टाकी रिकामी झाली वाटतं," त्या म्हणाल्या. मी नेहमीचंच बोललो, "ताई, नळ कोरडा म्हणजे टाकी रिकामी असं नसतं. मध्ये कुठेतरी कुणीतरी कॉक बंद केलेला असतो." आणि वाक्य तोंडातून बाहेर पडलं तसा मी पाना हातात धरून नुसता उभा राहिलो. मनगट म्हणजे नळ. काळीज म्हणजे टाकी. मग मध्ये कॉक कुठे?

तसाच मळक्या कपड्यांनी डॉक्टरबाईंकडे गेलो. त्यांनी एक छोटा टॉवेल घट्ट गुंडाळला. "काखेत धरा. आता दंड अंगाशी दाबा. अजून जोरात." माझी नाडी त्यांनी माझ्याच बोटांखाली दिली. टुक, टुक, आणि गायब. मग त्यांनी स्टेथोस्कोप माझ्या कानांना लावला. माझं काळीज घोड्यासारखं धावत होतं.

"हाताची धमनी काखेतून जाते," त्या म्हणाल्या. "बाहेरून दाबली, की पुढे नाडी लागत नाही. बस्, एवढंच. तुमच्या मुलीच्या हृदयात जे जन्मतःच चुकून होतं, ते हा माणूस स्वतःच्या हाताला रोज मुद्दाम करतो आणि टाळ्या घेतो."

मी स्टेथोस्कोप कानांतून काढून टेबलावर ठेवला. मग म्हणालो, "काळजाचे ठोके सगळ्यांना ऐकू जातील असं काही आहे का तुमच्याकडे?"

होतं. विद्यार्थ्यांना शिकवायचा स्टेथोस्कोप, तारेच्या टोकाला डब्याएवढा स्पीकर. "मीही येते," डॉक्टरबाई म्हणाल्या. "पण हात उगारणार असाल तर आत्ताच सांगा." मी हात उगारणार नाही म्हणालो. ते कसंबसं पाळलं.

रविवारी आम्ही हॉलवर गेलो आणि बाबाच्या शिष्यांना सांगितलं, आम्ही शंका घेतली त्याची क्षमा मागायला आलोय. बाबाला आणखी काय हवं होतं! लोणी आपणहून बोक्याच्या दारी चालत आलेलं. त्याने आम्हाला स्टेजवरच बोलावलं.

"पाहा!" तो माइकमध्ये गरजला. "ज्यांच्या शंकेने लेक गेली, तेच आज शरण आलेत! आज ठोका ओढताना साक्षीला हेच राहतील!"

स्टेजवर दुसरं कुटुंब आधीच उभं होतं. आमच्याच रस्त्यावरचा बेकरीवाला आणि त्याची अकरा वर्षांची लेक. जिना धावत चढताना ती दोनदा पडली होती. दुसऱ्या दिवशी तिचं स्कॅन होतं, आणि बाबा तिच्या बापाला सांगत होता, "यंत्राकडे नेलीस तर मी जबाबदार नाही." बेकरीवाला मान डोलावत होता. अगदी माझ्यासारखी.

बाबाने डोळे मिटले. मी मनगट धरलं. त्याचं कोपर हळूच बरगडीला चिकटलं. टुक, टुक, आणि गायब.

"थांबली!" मी ओरडलो. खोटं नव्हतंच ते. हॉल हात जोडून उभा राहिला.

तेवढ्यात बायको बाबाच्या पाया पडायला वाकली आणि उठताना तिने पदराखाली दडवलेली स्टेथोस्कोपची चकती झग्याच्या गळ्यातून आत सारून त्याच्या छातीवर दाबली. दुसऱ्या हाताने स्पीकरचा डबा बाबाच्याच माइकला लावला.

धडधड. धडधड. धडधड.

चारही भिंतींवरच्या कर्ण्यांतून बाबाचं थांबलेलं काळीज वाजत होतं. आधी कुणाला कळेना. मग पहिल्या रांगेतली एक म्हातारी मोठ्याने म्हणाली, "अगो बाई, हा तर जिवंत आहे!"

"हे... हे यंत्राचं कपट आहे," बाबा पुटपुटला. आणि कर्ण्यांतले ठोके दुप्पट वेगाने पडू लागले.

"मेलेल्या माणसाला एवढी भीती कसली वाटते?" बायकोने विचारलं.

खाली उभ्या असलेल्या डॉक्टरबाई घड्याळात बघत शांतपणे म्हणाल्या, "मिनिटाला एकशे चाळीस."

कुणीतरी हसलं. मी बाबाचं कोपर धरलं आणि सगळ्या ताकदीने वर उचललं. नाडी माझ्या बोटांखाली उसळली, आणि झग्याच्या बाहीतून एक कडक रबरी चेंडू टप्पकन स्टेजवर पडला. टप, टप, टप करत पायऱ्या उतरला.

बाबा माझ्या कानाशी आला. "दादा, पाया पडतो, इथे नको. मलाही मुलं आहेत. काय हवं ते सांगा." त्याला वाटलं तो कुजबुजतोय. बायकोने माइक कधीच त्याच्या हनुवटीखाली नेला होता. विनवणीचा शब्द न् शब्द खिडकीतल्या माणसांपर्यंत पोचला.

बेकरीवाल्याने पायऱ्यांवरून तो चेंडू उचलला. बोटांनी दाबून पाहिला. मग स्वतःच्या काखेत धरला, दंड दाबला आणि लेकीपुढे हात केला. "बघ गं."

पोरीने बोटं लावली. डोळे मोठे झाले. "पप्पा, तुमचीपण थांबली!"

"बरा आहे ना मी?"

"बरे आहात की!"

त्यानंतर हॉलमध्ये प्रत्येकाने जे हाताला लागेल ते काखेत धरलं. रुमाल, पाकीट, पाण्याची बाटली. शेकडो माणसं आपली नाडी थांबवत होती आणि चालू करत होती, आणि मधोमध घामाने चिंब भिजलेल्या लोकरीत तो माणूस बसला होता. मी त्याच्याकडे पोटभर बघितलं. मला फार बरं वाटलं. अशा कथांमध्ये शेवटी माणूस माफ करतो म्हणे. मी केलेलं नाही. पोलिसांत तक्रार दिली, खटल्याच्या प्रत्येक तारखेला आम्ही दोघं पहिल्या बाकावर बसतो, त्याला दिसेल असं.

बेकरीवाल्याच्या लेकीचं स्कॅन दुसऱ्या दिवशी झालं. तिची उजवी नळी डाव्या बाजूने निघाली होती. डॉक्टरबाई म्हणाल्या, अशी उलटसुलट जागा हजारात दोनचार जणांची असते, पुष्कळांना आयुष्यभर पत्ताही लागत नाही. पण हिला त्रास होत होता, म्हणून ऑपरेशन केलं. आता ती जिना चढते. मला बघून आनंद होतो, आणि त्याच वेळी काळीज फाटतं. दोन्ही खरं आहे.

बायको आता शाळाशाळांच्या मैदानावर जाते. मुलांना रांगेत बसवून एकच प्रश्न विचारते: पळताना कुणाच्या छातीत दुखतं, कुणाला चक्कर येते? बहुतेक वेळा कुणीच हात वर करत नाही. गेल्या महिन्यात एक हात वर झाला. ती त्या मुलाच्या घरी गेली आणि तपासणीची तारीख मिळेपर्यंत उठली नाही.

तुम्हाला माझं एवढंच सांगणं आहे. मूल पळताना कोसळलं, तर तेव्हाच डॉक्टरांकडे न्या, कागद स्वच्छ आला तरी पुढची तपासणी करा. कुणी चमत्कार दाखवला तर हात जोडायच्या आधी विचारा, हे कसं केलं? तो उत्तर देणार नाही. मग तुम्ही शोधा. आणि तपासणी करू नका असं जो सांगेल, मग तो कितीही मोठा असो, त्याच्या दारातून लेकराला उचलून बाहेर पडा. लाजू नका, मागे बघू नका. मी त्या दारात थांबलो होतो.