हप्ता म्हणा, हप्ता

मोहियोद्दीनच्या घरात एका शब्दाला बंदी होती. तो शब्द म्हणजे शिवी नव्हती. शिव्या तर त्याची आई जैतूनबी स्वतःच शेजारच्या मांजरीला आणि कधी कधी सुनेलाही मोकळ्या मनानं घालायची. बंदी होती ती ‘व्याज’ या शब्दाला. सूद म्हणायचं नाही, ब्याज म्हणायचं नाही आणि मराठीत तर मुळीच नाही. महिन्याच्या पाच तारखेला मोहियोद्दीनच्या खात्यातून जे दहा हजार आणि वर थोडे कापले जायचे, त्याला घरात हप्ता म्हणत. हप्ता गेला, हप्त्यापुरतं ठेवा, हप्ता झाला की बघू. एवढंच.

ही बंदी पंधरा वर्षं जुनी. तेव्हा हे कुटुंब शहागंजात भाड्याच्या दोन खोल्यांत राहायचं. मोहियोद्दीन चितेगावच्या एका कंपनीत फिटर. त्यानं बीड बायपासच्या पलीकडं एक रो-हाउस बघितलं आणि घरमालकाची कटकट संपवायची असं ठरवलं. सुरुवातीचे पैसे जैतूनबीनं दिले. सिल्लोडकडं माहेरच्या शेतातला तिचा वाटा तिच्या भावानं विकत घेतला होता, ते पैसे. म्हणून घर दोघांच्या नावावर झालं, आणि घर दोघांच्या नावावर म्हणून उरलेल्या दहा लाखांच्या कर्जावरही दोघांच्या सह्या झाल्या. सही करताना जैतूनबीनं तोंड वाकडं केलं. घरी आल्यावर तिनं लेकाला समोर बसवलं.

“घर पायजेल, ते मला बी कळतंय. पण हे गुनाहाचं काम हाय, मोहियोद्दीन. हे फिटल्याशिवाय मला हजला नेऊ नको. त्या दारात कर्जदार म्हणून मी उभी राहणार नाय. आन् या घरात त्याचं नाव काढायचं नाय. हप्ता म्हणा, हप्ता.”

“पंधरा वर्षं, अम्मी. इकडं मी रिटायर व्हायला आलो की तिकडं हप्ता संपला. लगेच तुला घेऊन जातो.”

पुढं मशिदीतल्या मौलानांनी तिला समजावलंही, की हप्ते वेळेवर जात असतील तर हजला जायला हरकत नाही. “मौलाना नेक माणूस हाय,” जैतूनबी म्हणाली, “पण सही त्याची नाय, माझी हाय.”

पण हजची तयारी मात्र तिनं त्याच वर्षी सुरू केली. ती गोधड्या शिवायची. साऱ्या कॉलनीत, हिंदूंच्या घरी आणि मुसलमानांच्या घरी, बाळंतिणीला जैतूनबीची गोधडी लागायचीच. त्याचे पैसे बँकेत ठेवले तर त्यात ‘ते’ मिसळतं, म्हणून साठले की ती सराफ्यात जाऊन ग्रॅम-दोन ग्रॅम सोनं घ्यायची. लग्नातल्या बांगड्या होत्याच. असं करत करत सहा तोळे झाले. आई आणि लेक, दोघांचा हज त्यात आरामात होईल, असा तिचा अंदाज होता.

आता बंदीची गोष्ट. एखाद्या गोष्टीचं नाव घेतलं नाही म्हणून ती गोष्ट घरातून जात नाही, हे शहाण्या माणसाला कळायला हवं. मोहियोद्दीन शहाणा होता. मशीन उघडून आतलं दुखणं नेमकं काढणारा माणूस तो. पण कर्जाच्या बाबतीत त्यानं आईचा नियम पाळला, आणि आईपेक्षा कडक पाळला. मोबाइलवर कर्जकंपनीचा मेसेज आला आणि त्यात तो शब्द दिसला की पुढचं न वाचता पुसून टाकायचा. वर्षाला एक पाकीट यायचं, ते न फोडता कपाटावर टाकायचा. आपण पाप करतोय, ते निदान मिटक्या मारत तरी करू नये, असं त्याला मनापासून वाटायचं.

शेजारी राजेंद्र राहायचा. त्याच कंपनीत, त्याच खात्यात, आणि कर्जही त्याच ठिकाणाहून त्याच साली घेतलेलं. हा राजेंद्र म्हणजे भांडकुदळ नंबर एक. भाजीवाल्याशी भांडेल, कंपनीच्या बसवाल्याशी भांडेल, आणि दर वर्षी रजा टाकून कर्जकंपनीत जाऊन भांडेल. एकदा तो कुंपणावरून म्हणाला,

“भाई, हे लोक हप्ता वाढवत नाहीत, वर्षं वाढवतात. व्याजाचा दर वाढला की आपला हप्ता तोच, पण मुदत लांबते. अर्ज दिला, थोडी फी भरली की दर खाली येतो. आपण होऊन मागितल्याशिवाय देत नाहीत. चला माझ्यासंगं.”

मोहियोद्दीननं आधी घराच्या दाराकडं पाहिलं, आई ऐकत नाही ना म्हणून.

“राजेंद्रभाऊ, आमच्यात त्याचा मोलभाव करत नसतात. ठरलं तेवढं द्यायचं आन् गप बसायचं.”

“अहो, पण ठरलं तेवढं राहिलंय कुठं?”

“माझा हप्ता एक रुपयानं वाढला नाय. तुमचाच वाढला आसंल, भांडून भांडून.”

ही त्याची मोठी फुशारकी होती. सगळ्या कंपनीत सांगायचा, पेट्रोल वाढलं, दूध वाढलं, पण आपला हप्ता होता तिथंच आहे. आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं म्हणतात. इथं तर दळणाऱ्याला डोळे होते, त्यानं ते मिटून घेतले होते. राजेंद्रचं कर्ज दोन वर्षांमागं फिटलं. त्यानं पेढे वाटले. मोहियोद्दीनला वाटलं, यानं मध्ये कधी तरी जादा पैसे भरले असतील.

शेवटचं वर्ष लागलं तसं घरात वारंच फिरलं. जैतूनबी शहात्तर वर्षांची झाली होती. तिथं लई चालावं लागतं असं तिला कुणी तरी सांगितलेलं, म्हणून ती रोज संध्याकाळी गच्चीवर जाऊन चालायची. पासपोर्ट काढून झाला. फोटोत ती चिडल्यासारखी दिसत होती, त्यावरून सगीरानं, म्हणजे सुनेनं, तिला पुष्कळ चिडवलं. सिल्लोडला दिलेली नात रुक्सार येऊन दोन पांढरे सुती झगे शिवून देऊन गेली. हजचे अर्ज सुटायचेच बाकी होते.

शेवटचा हप्ता कापला गेला त्याच आठवड्यात मोहियोद्दीन रजा काढून शहरात कर्जकंपनीच्या ऑफिसात गेला. बरोबर किलोभर पेढे. खिडकीत श्रेया नावाची पोरगी होती, त्याच्या रुक्सारपेक्षा लहान असावी. त्यानं आधी पेढ्यांचा बॉक्स पुढं केला.

“कशाचे पेढे, काका?”

“कर्ज फिटलं आमचं. घराचे कागद न्यायला आलोय.”

तिनं हसत नंबर विचारला, टाइप केला आणि तिचं हसू हळूहळू गेलं. तिनं पुन्हा एकदा टाइप केलं.

“काका, अजून बाकी आहे.”

“किती? एखादा हप्ता राहिला आसंल.”

“पावणेसात लाखांच्या वर आहे.”

मोहियोद्दीनला वाटलं, दुसऱ्याच कुणाचं खातं उघडलंय. त्यानं आपलं पूर्ण नाव सांगितलं, वडिलांचं सांगितलं, आईचं सांगितलं. तिनं पडदाच त्याच्याकडं वळवला. नाव त्याचंच होतं. खाली जैतूनबीचं होतं.

पोरगी चांगली होती. तिनं सगळं नीट समजावून सांगितलं. पहिली दोन वर्षं सवलतीचा दर होता, त्याच्यावर पंधरा वर्षांचा हिशोब बसवलेला. मग दर चढला. हप्ता तोच ठेवल्यामुळं त्यातला जवळजवळ सगळा पैसा व्याजातच जाऊ लागला आणि मुद्दलाला कण-कण लागला. व्याज आधी, मुद्दल नंतर, असाच नियम असतो, काका. व्याज, व्याज, व्याज. पंधरा वर्षांत त्यानं हा शब्द जितक्यांदा टाळला, तितक्यांदा तो त्या दहा मिनिटांत त्याच्या कानावर पडला.

“म्हणजे आत्तापर्यंत मी भरले किती?”

“अठरा लाखांच्या पुढं.”

“आन् त्यातलं कर्ज किती फिटलं?”

“तीन लाख. थोडं वर.”

“आसंच भरत राहिलो तर?”

“साडेनऊ वर्षं, काका.” मग तीच घाईनं म्हणाली, “पण दर बदलायचा अर्ज आत्ताही करता येईल. दोनेक वर्षं तरी कमी होतील. तुम्ही आधी का नाही आलात? मेसेज तर दर वेळी गेलेत.”

तो उठला. पेढे तिथंच राहिले, मग शिपायानं पळत येऊन ते परत दिले. परतीच्या रिक्षात त्यानं बोटांवर हिशोब केला. अठरा दिलेत, अजून साडेअकरा द्यायचे. दहा लाखांच्या कर्जाला तीस लाख. पुढच्या वर्षी तो रिटायर होणार होता. साडेनऊ वर्षांनी आई शहाऐंशीची होणार होती. त्याला रिक्षातच रडू फुटलं, आणि रिक्षावाल्यानं आरसा दुसरीकडं वळवला.

घरी जैतूनबी दारातच बसली होती. “आणले कागद?”

“साहेब सुट्टीवर हायेत,” तो म्हणाला.

साहेब बरेच दिवस सुट्टीवर राहिले. सगीराला त्यानं खरं सांगितलं. ती स्वयंपाकघरात तोंडात पदर धरून रडली आणि बाहेर येऊन सासूला हसून चहा दिला. हजचे अर्ज सुटले. जैतूनबी रोज विचारायची, रोज मोहियोद्दीन नवीन थाप मारायचा, आणि रोज ती गच्चीवर चालायला जायची. तिच्या पावलांचा आवाज खाली त्याच्या खोलीत यायचा. तो उठून टीव्ही मोठा करायचा.

ते फुटलं अगदी साध्या गोष्टीवरून. जुम्म्याला पाहुणे यायचे होते, म्हणून जैतूनबी म्हणाली, दोन किलो मटण आणा. आणि सगीरा सवयीनं बोलून गेली, “अम्मी, परवा पाच तारीख हाय, हप्त्यापुरतं राहू द्या.”

जैतूनबीचा हात गोधडीवर थांबला. तिनं सुई कापडात टोचून ठेवली आणि लेकाला हाक मारली.

“कसला हप्ता?”

तो उभाच राहिला.

“बस हितं. आन् आता सांग, व्याज किती झालं?”

पंधरा वर्षांत पहिल्यांदा तो शब्द त्या घरात मोठ्यानं निघाला, आणि ज्या तोंडानं बंदी घातली त्याच तोंडातून निघाला. मोहियोद्दीननं मग काहीच ठेवलं नाही. मेसेज पुसल्याचं सांगितलं, पाकिटं न फोडल्याचं सांगितलं, राजेंद्रनं बोलावलं तेव्हा गेलो नाही, हेही सांगितलं. शेवटी म्हणाला, “माझीच चूक हाय, अम्मी. मला वाटलं, न बघितलेलं बरं.”

जैतूनबीला राग आला होता, आणि तो एकट्या लेकाचा नव्हता.

“बघू नको म्हणून मीच सांगितलं व्हतं,” ती म्हणाली. उठून कपाटापाशी गेली आणि पांढऱ्या झग्यांच्या घडीखालून सोन्याची पिशवी काढून आणली. “हे घे. उद्या मोड.”

“नाय अम्मी. हे तुझ्या हजचं हाय. मौलाना म्हणाले होते ना, जाता येतं. आपण जाऊ. कर्ज मी फेडीन.”

“कशानं? पेन्शन हाय तुला?” तिचा आवाज चढला. “आरं, हज नाय झाला तर अल्ला विचारंल का नाय झाला, आन् मी सांगंन, ताकद नव्हती. कर्जात मेले तर काय सांगू? साडेनऊ वर्षं काय मी जगत नाय. सही माझी हाय, मोहियोद्दीन. मला कर्जात मरायचं नाय.”

सोनं मोडायला राजेंद्र बरोबर आला. तिथंही तो भांडला, घट कशाची धरता म्हणून सराफावर ओरडला, आणि थोडे पैसे वाढवूनही घेतले. बाहेर आल्यावर मात्र तो मोहियोद्दीनच्या खांद्यावर हात ठेवून गप्प उभा राहिला. भाव चढलेला होता म्हणून सहा तोळ्यांत कर्ज कसंबसं भागलं. खडकू उरला नाही. कागद आले. घर दोघांचं झालं. जैतूनबीनं कागदांवरून एकदा हात फिरवला आणि ते पासपोर्टच्या पिशवीत ठेवून दिले.

त्यानंतर ती गच्चीवर गेली नाही. गुडघे आठच दिवसांत धरले. हजला जाणाऱ्यांच्या याद्या लागल्या, गल्लीतल्या एका घरातले नवरा-बायको निघाले. त्यांना निरोप द्यायला सगळे गेले, जैतूनबीही लेकाच्या हाताला धरून गेली. त्या बाईच्या गळ्यात तिनं हार घातला आणि सांगितलं, “माझं नाव घेऊन दुआ माग. जैतूनबी म्हण. कर्ज नाय तिच्यावर, आसं सांग.”

घरी आल्यावर ती पुन्हा गोधडी घेऊन बसली. तिला सुईचं नेढं दिसेना. मोहियोद्दीन जवळ गेला.

“एका गोधडीचे सहाशे येतात,” ती सुई आणि दोरा त्याच्यापुढं करत म्हणाली. “तोळा केवढ्याला झाला?”

“लाखाच्या वर गेलाय.”

“मग आता किती गोधड्या लागतील? हिशोब करून सांग. लपवू नको.”

त्यानं हिशोब केला. दोनदा केला.

“तेवढं वय नाय तुझं, अम्मी,” तो म्हणाला.

“व्हय,” जैतूनबी म्हणाली. “सुई ओवून दे.”