डावा पाय

श्रुतिकाने जानकीताईंच्या डाव्या पायात बूट चढवला आणि पट्टा आवळला. पाय तिच्या हातात ओंडक्यासारखा जड लागत होता.

"दुखलं का?"

"त्याला कळतंय कुठे दुखायला," जानकीताई म्हणाल्या.

पडद्यापलीकडे, मुलुंडच्या त्या छोट्या सभागृहात, कॅबरे रंगात आला होता. झगे फडफडत होते, पाय डोक्याच्या वर जात होते, लोक ठेका धरत होते. हे फ्रेंच वळणाचं नाचणं जानकीताईंनी तरुणपणी जुहूच्या एका हॉटेलात केलं होतं आणि पुढे बोरिवलीच्या क्लासमध्ये श्रुतिकाला शिकवलं होतं. गेल्या वर्षी त्यांना अर्धांगवायूचा झटका आला आणि क्लास बंद पडला.

कार्यक्रमाचा दुसरा भाग श्रुतिकाने शांघायला पाहिलेल्या कलाकारांच्या धर्तीवर बेतला होता. ते नाचत नाहीत, नुसतं आपलं शरीर लोकांपुढे ठेवतात, असं तिने सांगितलं तेव्हा जानकीताई हसून आपल्या मालवणीवर आल्या होत्या.

"मग लोक येतत कित्याक गो?"

"का येतात तेच बघायचंय. तुम्ही फक्त बसा. वाटलं तर पाय उचलून बघा."

संगीत थांबलं. नाचणाऱ्या मुली घामाने निथळत आत आल्या. श्रुतिकाने चाकांची खुर्ची मंचाच्या मधोमध नेऊन ठेवली आणि ती बाजूला झाली.

जानकीताईंच्या चेहऱ्यावर आपसूक जुनं हसू आलं. पाय मोडला तरी दात दिसले पाहिजेत, असं हॉटेलातली मॅडम बजावायची. समोरचे लोक मात्र वाट बघत गप्प बसले होते. हळूहळू ते हसू ओसरलं. त्यांनी पाय उचलायला घेतला. निऱ्यांआड मांडी थरथरली, टाच जेमतेम सुटली आणि परत टेकली. त्यांनी पुन्हा जोर लावला. कपाळावरचा घाम गालावर उतरला. पुढच्या रांगेतली एक बाई नकळत पुढे झुकली. शिट्टी नाही, टाळी नाही. आजवर किती लोकांनी त्यांचे पाय पाहिले होते. त्या पायांना किती सोसावं लागतं, हे आज कुणीतरी पाहत होतं.

दिवे मालवल्यावर श्रुतिका धावत आली आणि गुडघे टेकून बूट काढू लागली.

"ताई, फार त्रास दिला ना मी?"

जानकीताईंनी उजव्या हाताने तिचं डोकं जवळ ओढलं आणि आपल्या डाव्या गुडघ्यावर टेकवून धरलं.

"बरा केलंस गो," त्या म्हणाल्या. "उद्या मात्र साडी नको. आखूड झगा आण. पाय नीट दिसाक होयो."