लाल पारा नसतोच

जमिनीवर अंथरलेल्या दस्तरखानावर पाच वस्तू मांडल्या होत्या: एक हातआरसा, लसणाच्या तीन पाकळ्या, जुन्या रेडिओतून उचकटलेलं लोहचुंबक, वहिनीची लग्नातली अंगठी, आणि मधोमध रुमालावर अक्रोडाएवढा लाल दगड. चहाची किटली आणि तळलेल्या बोरसोकांची परात भिंतीकडे सरकवून ठेवली होती. बेगिमाई ओशहून तीन तास गाडी हाकत आली होती आणि तिला सपाटून भूक लागली होती, पण आधी खेळ बघावा लागणार असं दिसत होतं.

"बसा, शास्त्रीणबाई," तिचा मोठा भाऊ तालाय म्हणाला. "आधी डोळ्यांनी बघा, मग तोंड उघडा."

"दादा, खायला तरी तोंड उघडू का?"

तालायने आरसा दगडासमोर धरला. "दिसतोय?"

"दिसतोय की."

"अंधुक दिसतोय!"

"आरसा कधी पुसला होता?"

दाराशी बसलेली आई, ऊलकान आपा, पदराआड हसली. तालायने खांदे उडवले आणि लसूण पुढे घेतला.

वर्षभर सगळ्या खोऱ्यात हेच चाललं होतं. लाल पारा म्हणून एक वस्तू असते. जुन्या शिलाई मशीनच्या पोटात असते, रशियन काळातल्या टीव्हीच्या नळकांड्यात असते. आरशात ती दिसत नाही, लसणापासून पळते, सोन्याकडे ओढली जाते. थेंबभर मिळाली तर कॅन्सर बरा होतो, आणि जिन्न घराच्या सात कोस लांब राहतात. ती शोधत काळ्या काचांच्या गाडीतून परदेशी माणसं फिरतात. दुसऱ्या गावांना त्यासाठी माळे उपसावे लागत होते. हे गाव मात्र बंद पडलेल्या पाऱ्याच्या खाणीखालीच वसलेलं होतं, आणि खाणीच्या ढिगाऱ्यांवर लाल दगड नुसते पडलेले असत. तरी कुणी हात लावत नव्हतं. असा दगड घरात आणला तर त्या घरातली माणसंही हळूहळू आरशातून पुसली जातात, अशी अफवा त्याच अफवेच्या पाठीवर बसून आली होती.

वसंतात बेगिमाईला हे सहन होईना. ओशच्या एका प्रयोगशाळेत ती पाणी आणि माती तपासायची. पांढरा कोट घालून तिने फोनवर स्वतःचाच एक व्हिडिओ काढला. "लाल पारा नसतोच," ती त्यात म्हणाली होती. "आपल्या ढिगाऱ्यावर असतो तो नुसता दगड आहे. घरात ठेवा नाहीतर कुंपणाला लावा, आरशातून कुणी पुसलं जाणार नाही." गावाच्या ग्रुपवरून तो व्हिडिओ शेजारच्या गावांत गेला. बाजारात अनोळखी बायका तिला थांबवून म्हणायच्या, तूच ना ती दगडवाली? तिला ते आवडायचं.

"आता सोनं," तालाय म्हणाला. "आता बोल काय बोलायचंय ते."

त्याने अंगठी दगडाशेजारी ठेवली. बेगिमाईने ती उचलली. "ही वहिनीची नाही. ही चांदीची आहे."

"चांदीची कशी असेल, लाडूबाई?" वहिनी पाळण्याशेजारून म्हणाली. तिचं नाव आसिलकान. सासरच्या माणसांची नावं सुनेने घ्यायची नसतात, म्हणून लग्नाच्या दिवसापासून तिने नणंदेला लाडूबाईच केलं होतं. "आपांनी घातलेलं लाल सोनं ते. माझ्या बोटातच पांढरं झालं. आणि हे बघ." तिने रुमाल मागे सारला. कानातली चंद्रकोरीची कर्णफुलंही राखाडी पांढरी पडली होती.

"बघ!" तालायने मांडीवर थाप मारली. "सोन्याकडे ओढला जातो म्हणतात ते खोटं नाही. नुसता दगड म्हणे!"

बेगिमाईला पहिल्यांदा काहीच वाटलं नाही. डोक्यात एक वाक्य पाठ्यपुस्तकातल्यासारखं सरळ उमटलं: सोनं पाऱ्याची वाफ शोषतं आणि पांढरं होतं. मग ते वाक्य तिला ऐकू आलं. दगड थंड होता. थंड दगडाची वाफ होत नाही.

"वहिनी, हा दगड तुम्ही तापवलात का?"

"आलासला घालतो ना."

"कशाला?"

"आलासला गं," आई म्हणाली. "विसरलीस का शहरात जाऊन? बाळाची चाळिशी होईपर्यंत, चाळीस दिवस, रोज धूर फिरवायचा असतो. बाळ किरकिर करत होतं, दूध ओढत नव्हतं. आर्चाच्या झुडपाच्या डहाळ्या जाळून नजर उतरेना. शेजारीण म्हणाली, निखाऱ्यावर लाल दगडाचा तुकडा ठेवा, त्याच्यापुढे नजर टिकत नाही. मी भ्यायले होते. नको म्हटलं, आरशाचं काही झालं तर. मग तुझा व्हिडिओ आला."

"तूच म्हणालीस, नुसता दगड आहे," वहिनी म्हणाली आणि खोकली. कोरडा, खोल खोकला होता तो. तिच्या हातातल्या वाटीतला चहा बशीत हिंदकळत होता. ती बसल्यापासून हिंदकळतच होता.

"रोज?"

"रोज सकाळी. पाळण्याभोवती तीनदा, दारं-खिडक्या लावून. धूर बाहेर गेला तर काय उपयोग?"

बेगिमाई उठली तेव्हा तिच्या पायाला लागून किटली कलंडली. अंगणात गाडीच्या मागच्या सीटवर हवेतला पारा मोजायचं यंत्र होतं. परतताना ढिगाऱ्यांची मोजणी करायची होती म्हणून आणलेलं. उंबऱ्याबाहेर तिने ते चालू केलं, आकडा शून्याच्या आसपास घुटमळला. उंबऱ्याच्या आत तो पळायला लागला. दगडाजवळ नव्हे, खोलीभर: जमिनीवरच्या लोकरीच्या नमद्यावर, पडद्यांवर, रजयांच्या चळतीवर. पाळण्यावर जाड आवरणं एकावर एक टाकलेली होती. तिने ती उचलली आणि यंत्र बाळाच्या तोंडाजवळ नेलं. आकडा गेला आणि पडद्यावर दोन शब्द आले. मापनकक्षेच्या बाहेर.

बाळाचं नाव बाएल. ते रडत नव्हतं. भराभर, वरवर श्वास घेत होतं आणि त्याचे तळवे भाजल्यासारखे गुलाबी होते. नमद्याचा कोपरा तिने उलटला तेव्हा लोकरीतून राईच्या दाण्याहून लहान, चकचकीत थेंब घरंगळले.

"हा लाल नाही," तालाय पुटपुटला.

"साधाच आहे, दादा. त्या दगडात असतो. तापला की सुटतो." तिला स्वतःचा आवाज त्या व्हिडिओतल्यासारखा स्वच्छ ऐकू येत होता आणि त्याचा संताप येत होता. "खिडक्या उघड. बाळाला गाडीत घाला. ओशला जायचंय, आत्ता."

"आत्ता कसं?" आई दारात उभी राहिली होती. "चाळिशी उद्या आहे. चाळीस चमचे पाण्याची आंघोळ घातल्याशिवाय मूल उंबऱ्याबाहेर नेत नाहीत. उद्या ने. बकरं बांधलंय, माणसं बोलावलीत."

"आपा, चाळीस दिवस ते या खोलीतून बाहेर गेलं नाही, हेच तर झालंय!"

"मला मेलीला शिकवू नकोस. पाच वाढवलीत मी. सगळ्यांना आलास केलं."

"दगडाचं?"

आईने दार सोडलं नाही. तालाय एकदा आईकडे, एकदा बहिणीकडे बघत होता, आणि हातात अजून आरसा धरून होता.

आसिलकान वहिनीने बाळाला पाळण्यात बांधणारे पट्टे सोडले. बाळ शालीत गुंडाळलं आणि उठली. सात वर्षांत सासूपुढे तिचा आवाज कुणी ऐकला नव्हता.

"बेगिमाई," ती म्हणाली, "गाडी काढ."

नाव घेतलं म्हणून आईचं तोंड उघडलं ते तसंच राहिलं. वहिनी तिला खांद्याने बाजूला सारून अंगणात गेली.

गल्लीतून गाडी नेताना बेगिमाईने काच खाली केली, आणि आर्चाचा वास आला. तिसऱ्या घराच्या दारात एक बाई फुंकणीने निखारे फुलवत होती. पुढच्या घराची खिडकी लावलेली होती आणि फटीतून धूर येत होता. तिने वळणावर गाडी थांबवून ग्रुपवर आवाजी निरोप टाकला: दगड तापवू नका, त्यात पारा आहे, खोल्या उघडा, मुलांना बाहेर काढा. खाणीच्या पायथ्याशी पोहोचेपर्यंत तीन उत्तरं आली. पहिल्याने हसरा चेहरा पाठवला. दुसऱ्याने लिहिलं, आता भाव वाढवायला घाबरवते काय? तिसरी तिची शाळेतली मैत्रीण होती. तिने लिहिलं, आधी म्हणतेस नुसता दगड, आता म्हणतेस विष. एक काहीतरी ठरव, बाई.

वहिनीने फोन मागितला. बाळाच्या छातीचा भाता दिसेल असा धरून तिने व्हिडिओ काढला आणि एक शब्दही न बोलता पाठवून दिला. मग कर्णफुलं काढून खिडकीबाहेर फेकली.

ओशच्या रुग्णालयात बालरोग विभागाची डॉक्टर पन्नाशीची, घाईची बाई होती. तिने बाळाला ऑक्सिजन लावला, वहिनीला शेजारच्या खाटेवर बसवलं आणि बेगिमाईला जिन्यात गाठलं.

"पारा मोजायचं यंत्र आमच्याकडे नाही. तुमच्याकडे आहे ना? लघवी तपासा. पाळण्याखाली लघवी जमते ते भांडं आणलंय का कुणी?"

"ते नको. त्याच खोलीतलं भांडं आहे, आकडा खोटा येईल. तुमच्या बंद पिशवीत घ्या."

"घेते." डॉक्टरने चष्मा काढून डोळे चोळले. "ऐका, नंतर पुन्हा विचारू नका. लिटरमागे वीस मायक्रोग्रॅमच्या आत आलं, तर श्वास सुधारला की घरी जा, दुसऱ्या घरी. शंभरच्या आत आलं तर औषधावर इथे ठेवीन. शंभरच्या पुढे गेलं तर बिश्केकला पाठवीन, आणि मग कुणी खात्री दिली तर विश्वास ठेवू नका."

प्रयोगशाळेत दुपारचं जेवण चाललं होतं. बेगिमाईचा पांढरा कोट खुंटीला होता, तिने तो घातला नाही. आधी शुद्ध पाणी लावलं: शून्य. मग माहीत असलेल्या प्रमाणाचं द्रावण लावलं, आकडा बरोबर आला. मग तिने बाएलचा नमुना लावला. आलेल्या आकड्यावर विश्वास न ठेवता नळ्या धुतल्या, पुन्हा शुद्ध पाणी, पुन्हा नमुना. तालायचा फोन येत होता, ती उचलत नव्हती. तिसऱ्यांदा नमुना लावला तेव्हा बाकीची माणसं हातातल्या वाट्या घेऊन तिच्या मागे येऊन उभी राहिली होती.

तिन्ही वेळा यंत्राने एकच आकडा दाखवला: लिटरमागे दोनशे साठ मायक्रोग्रॅम.