डोळ्यांनी पाहिलेली लढाई

पाद्री गास्पार यांना लढाईची हकीकत लिहून हवी होती, आणि तीही ज्यांनी ती डोळ्यांनी पाहिली त्यांच्याच तोंडून. "ऐकीव नको, मातेओ," त्यांनी मला बजावलं. "ऐकीव माझ्याकडे पेटीभर पडलंय. जो तिथे उभा होता त्यालाच बोलव."

समुद्रापलीकडून आलेल्या कास्तीलच्या लोकांनी वेढा घालून आमचं शहर जिंकलं, त्याला तेव्हा चौतीस वर्षं झाली होती. माझा जन्म त्यानंतरचा. मठाच्या शाळेत मी लॅटिन शिकलो, आपली भाषा त्यांच्या अक्षरांत उतरवायला शिकलो आणि तिथेच लेखनिक म्हणून राहिलो. त्लातेलोल्कोच्या वस्त्या पालथ्या घालून मी सात म्हातारे जमवले. रोज सकाळी ते मठाच्या ओसरीवर चटया टाकून बसत, मक्याची गरम पेज पीत आणि एकमेकांना खोटं पाडत. मी लिहून घेई.

सातांतला सगळ्यात मानाचा म्हातारा म्हणजे तोमास सोलिन. शेवटच्या दिवसांत बाजाराजवळच्या गच्चीवर मानाच्या योद्ध्याचा गरुडवेश चढवून जो लढला तो हाच, हे अख्ख्या त्लातेलोल्कोला माहीत होतं. त्या लढाईत त्याच्या वस्तीतले बाकीचे लढवय्ये सगळे गेले, हा एकटा उरला, म्हणून पंचमंडळीत त्याला जागा होती. डोळे मात्र पार गेलेले. बायको, आना तेइकू, त्याला हाताला धरून घेऊन यायची आणि तो बोलत असेपर्यंत खांबाशी बसून शेंगा सोलायची.

बाकीचे म्हातारे लढाई सांगताना कुठून कुठे जात. सोलिनचं तसं नव्हतं. कुठल्या कालव्यावरच्या पुलाची कुठली फळी काढली, कास्तीलच्या लोकांनी कालवा कशाने बुजवला, त्यांच्या कोणत्या माणसाच्या दाढीचा रंग कसा होता, सगळं ओळीने सांगायचा. माझा हात दुखून यायचा, पण थांबावंसं वाटायचं नाही.

"मग तो घोडेस्वार बुजवलेल्या कालव्यावर आला," तो सांगत होता. "घोडा पांढराशुभ्र. ओल्या दगडावरून त्याचा पाय घसरला आणि मी वरून भाला..."

"तांबडा," खांबाकडून आवाज आला.

"काय?"

"अहो, घोडा तांबडा होता. कपाळावर तेवढं पांढरं."

"हां, तांबडा. लिही रे, तांबडा."

मी लिहिलं. बाल्तासार कोयोत शेजारीच बसला होता. हा सोलिनच्याच वयाचा, जिभेने तिखट. सोलिन म्हणजे आमच्या भाषेत लावा पक्षी, त्यामुळे कोयोतला चिडवायला तेवढंच पुरे होतं. "काय रे लाव्या," तो म्हणाला, "घोडा तुझा की बायकोचा?"

सगळे हसले. सोलिनही हसला. आना मात्र हसली नाही. तिने शेंगांची परडी उचलली आणि थोडी लांब जाऊन बसली.

त्यानंतर मी लक्ष ठेवू लागलो. सोलिन अडला की मान किंचित खांबाकडे वळवायचा. आणि त्याच्या चेहऱ्यावर, पापण्यांवरसुद्धा, देवीचे खोल वण होते. मी एकदा सहज विचारलं, "आजोबा, डोळे कधी गेले?"

"शेवटच्या दिवशी. बंदुकीच्या दारूचा भडका उडाला तोंडावर."

मी मान डोलावली. पण देवीची साथ वेढ्याच्या आदल्या शरदात आली होती हे मला माझ्या आईने सांगितलं होतं. त्या साथीत तिची दोन मुलं गेली होती. ज्यांच्या पापण्यांवर फोड आले त्यांचे डोळे तेव्हाच गेले, असंही ती म्हणायची. तरी मी गप्प राहिलो. एवढी नीट हकीकत दुसरी कुणी दिली नव्हती, आणि ती हातची घालवायची माझी इच्छा नव्हती. हे मी कबूल करतो.

महिना सरला तसं पाद्रींनी ठरवलं की प्रत्येकाला त्याची हकीकत वाचून दाखवायची आणि क्रूसावर हात ठेवून त्याने म्हणायचं, 'हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं.' कोयोतने धडाक्यात म्हटलं. आणखी दोघांनी म्हटलं. मग मी सोलिनची अकरा पानं वाचली. वाचून संपल्यावर मी त्याचा हात धरून क्रूसावर ठेवला.

त्याने हात मागे घेतला.

"म्हणा, आजोबा. हे मी माझ्या डोळ्यांनी..."

"डोळ्यांनी नाही," तो म्हणाला. "माझे डोळे त्याच्या आधी दहा महिने गेले होते. मी घरात चटईवर पडून होतो. गच्चीवर ही होती."

आना उभी राहिली. "चला घरी," ती म्हणाली.

"बस गं. चौतीस वर्षं गिळलं. देवापुढे आता नाही बोलवत खोटं."

ओसरीवर एकच गलका उठला. एक म्हातारा ओरडला की गरुडवेश मिळवायला चार कैदी आणावे लागत, बाईने तो अंगावर घातला तर पूर्वीच्या काळी डोकं फोडलं असतं. दुसरा म्हणाला, शेवटी शेवटी बायकाही लढल्याच की, लुगडी खोचून. कोयोत म्हणाला, "म्हणजे इतकी वर्षं पंचमंडळीत आपण लाव्याला जी जागा देत होतो ती त्याच्या बायकोची!" पण त्याच्या आवाजात नेहमीची मजा नव्हती.

पाद्रींना आमची भाषा चांगली यायची. त्यांनी हात वर करून सगळ्यांना गप्प केलं आणि आनाला विचारलं, "खरं आहे हे?"

"यांनी खोटं काही सांगितलं नाही, महाराज," आना म्हणाली. "मी जे सांगितलं तेच यांनी सांगितलं."

"मग तुम्ही शपथ घ्याल?"

तिने नवऱ्याकडे पाहिलं. तो अर्थातच तिच्याकडे बघू शकत नव्हता. मग ती म्हणाली, "नाही. कारण मी यांना सांगितलं ते सगळं खरं नव्हतं."

सोलिनने मान वळवली. हे त्याला नवीन असावं, असं मला वाटलं.

दुसऱ्या दिवशी ती एकटीच आली. पाद्री म्हणाले होते, बाईची हकीकत यादीत नाही, पण आलीच तर लिहून ठेव. ती माझ्यासमोर बसली. शेंगा आणल्या नव्हत्या, त्यामुळे हातांचं काय करावं हे तिला सुचत नव्हतं.

"शौर्याचं काही नाही त्यात, पोरा," ती म्हणाली. "वस्तीच्या कोठारातला मका संपत आला होता. जो लढेल त्यालाच मूठभर मिळायचा. यांना उठता येत नव्हतं. यांचा गरुडवेश कोनाड्यात होता. मी तो चढवला आणि रांगेत उभी राहिले. मका घेतला. मग मका देणारा म्हणाला, चला, गच्चीवर. आता नाही कसं म्हणू?"

"कुणी ओळखलं नाही?"

"चोचीचं शिरस्त्राण गळ्यापर्यंत येतं. आणि सगळेच इतके वाळले होते की बाई कोण नि बाप्या कोण, काय कळणार? मका देणाऱ्याला कळलं असावं. पण मी 'सोलिनच्या घरून' एवढंच सांगितलं, त्यात खोटं काय होतं?"

घोडेस्वार खरा होता. घोडा घसरला तोही खरा. "पण भाला नव्हता," ती म्हणाली. "भाला मला कुठे येतोय फेकता? मी वरवंटा टाकला. माझाच, घरातला. दगड संपले होते म्हणून नेला होता. घोड्याच्या मानेवर बसला."

"मग आजोबांना भाला का सांगितला?"

"गरुडवेशातला माणूस वरवंटा टाकतो होय!" ती पहिल्यांदा हसली. "त्यांना वाईट वाटलं असतं."

तो एक दिवस. त्यानंतरचे चार दिवस ती गच्चीवरच्या वाळवणाच्या चटईखाली पडून राहिली होती. खाली एकेक घर पाडलं जात होतं. संध्याकाळी मका घेऊन ती घरी जायची आणि नवऱ्याला सांगायची की आज कालव्यावर त्यांना मागे रेटलं, आज इतके कैदी मिळाले, आज त्यांची एक होडी बुडवली. दिवसभर चटईखाली पडून तिने ते जुळवलेलं असायचं. माझ्या अकरा पानांतली सहा त्या चार दिवसांची होती.

"आणि चिमाल?" मी विचारलं. चिमाल हा सोलिनचा धाकटा भाऊ. सोलिनच्या हकीकतीत तो कालव्यावर तीन जणांना आडवं करून पडतो. ते पान वाचताना एक म्हातारा रडला होता.

आनाने पदराने तोंड पुसलं. "चिमाल खारं पाणी प्याला. गोडं पाणी तोडलं होतं ना त्यांनी. हगवण लागली. लव्हाळ्यात पडला होता, दोन दिवस. मी त्याला पाणी दिलं, तेही खारंच, दुसरं होतं कुठे? तिथेच गेला. मला उचलवेना. त्याची ढाल तेवढी घरी आणली. यांना खरं सांगितलं असतं तर हे भिंत धरत धरत त्याला शोधायला निघाले असते. म्हणून सांगितलं, लढता लढता गेला."

मी ते लिहिलं. मग ती म्हणाली, "काल घरी गेल्यावर यांना सगळं सांगितलं. तेव्हापासून बोलले नाहीत. जेवले मात्र."

पुढचे दोन दिवस दोघंही आले नाहीत. तिसऱ्या दिवशी दुपारी मी त्यांच्या घरी गेलो. आना अंगणात भाकऱ्या भाजत होती. सोलिन उंबऱ्यावर उन्हात बसला होता. माझ्या पावलांवरून त्याने ओळखलं.

"मातेओ, कागद आणलायस?"

"आणलाय, आजोबा."

"पाद्रीबाबांना विचार, कानांनी ऐकलेलं चालतं का. दुसऱ्याने सांगितलेलं नव्हे. माझ्या कानांनी."

मी म्हटलं, आधी सांगा, विचारतो नंतर.

मग तो बोलायला लागला. इतके दिवस मी त्याला ऐकत होतो, पण हा आवाज वेगळा होता. हळू, अडखळत, मध्ये मध्ये गप्प. त्याने सांगितलं की आमच्या होड्यांची वल्ही पाण्यात मऊ पडायची आणि त्यांच्या मोठ्या गलबतांची वल्ही दाराची बिजागरी कुरकुरावी तशी वाजायची. घरं पाडत ते जवळ येत होते तेव्हा कुठलं घर पडलं ते त्याला कळायचं, कारण शेजारच्या प्रत्येक घराची भिंत तो ओळखत होता. आधी कुंभाराची पडली, सगळी मडकी एकदम. मग सुईणीची. शेजारची पोरं आधी रडायची, मग कण्हायची, मग एका सकाळी काहीच नाही. भिंतीपलीकडे कुणीतरी रात्रंदिवस चामडं चघळत असायचं. कोण ते त्याला कधीच कळलं नाही.

"आणि ही यायची," तो म्हणाला. "वेश काढून ठेवायची. काड्यांसारखा आवाज यायचा हिच्या हाडांचा. मग विजय सांगायची. रोज विजय. आणि दरवेळी पडणारं घर एक घर जवळ आलेलं असायचं."

आनाने तव्यावरची भाकरी उलटायचं थांबवलं. "म्हणजे तुम्हाला कळत होतं?"

"आंधळा होतो, बहिरा नव्हतो."

"मग बोलला का नाहीत?"

"तू इतकी जीव तोडून सांगायचीस. म्हटलं, चालू दे." मग तो म्हणाला, "चिमालचंही कळलं होतं. ढाल चाचपून पाहिली मी. एक ओरखडा नव्हता तिच्यावर. तीन जणांना आडवं करणाऱ्याची ढाल अशी असते होय? पण आतड्याच्या दुखण्याने गेला हे नव्हतं ठाऊक. मला वाटलं, पळून गेला. चौतीस वर्षं मी त्याला पळपुटा समजत आलो. आणि लोकांना सांगत आलो की शूर होता."

भाकरी करपली. ती तिने कोंबडीला टाकली, नवी थापली आणि ती त्याच्या हातात देताना तिथेच शेजारी बसली. मी कागद गुंडाळून निघालो, कुणी मला थांब म्हटलं नाही.

पाद्रींनी तिन्ही हकीकती वाचल्या. अकरा पानांतली सहा त्यांनी स्वतः काढून टाकली. कानांची हकीकत त्यांनी दोनदा वाचली आणि ठेवली. आनाची ठेवावी की नाही यावर आठ दिवस घासाघीस चालली. प्रत्येक पानावर दोन भाषांचे दोन रकाने होते; शेवटी कास्तीलच्या भाषेतल्या रकान्यात त्यांनी लिहिलं, 'एका स्त्रीने सांगितले.' आमच्या भाषेतला रकाना माझ्या हातात होता. तिथे मी नाव लिहिलं: त्लातेलोल्कोची आना तेइकू, सोलिनची बायको. पाद्रींनी ते पाहिलं, पण खोडलं नाही.

पंचमंडळीत सोलिनच्या जागेवरून दोन बैठका भांडण झालं. मग तो स्वतःच म्हणाला की मी आता येत नाही, गुडघे दुखतात. जागा रिकामी राहिली. कुणी तिथे बसायला तयार होईना.

पावसाळ्याच्या तोंडावर एका सकाळी बाल्तासार कोयोत एकटाच मठात आला. बाकीचे यायच्या आधी. त्याने इकडेतिकडे पाहिलं आणि माझ्या समोरच्या चटईवर बसला.

"माझं ते तळ्यातल्या बांधरस्त्याचं आहे ना," तो म्हणाला, "मी पुलाची पहिली फळी उचलली ते. ते काढ."

"तुम्ही शपथ घेतलीय त्यावर, आजोबा."

"म्हणून तर म्हणतोय काढ. मी त्या दिवशी बांधावर नव्हतो."

"मग कुठे होतात?"

त्याने पेजेचा वाडगा माझ्या हातातून घेतला, दोन घोट प्याला आणि तोंड पुसलं.

"कोरा कागद घे," तो म्हणाला. "सांगतो."