डोळे मिटून वाजवणारा

माझा नवरा रॉक बँडमध्ये बेस गिटार वाजवतो, तेही डोळे मिटून. लोकांना वाटतं, तंद्री लागली. कसली डोंबलाची तंद्री! बरेच दिवस झाले, त्याला ऐकू कमी येतंय, आणि डोळे मिटले की उरलंसुरलं तरी नीट कानात शिरतं. हे बँडमध्ये कळलं तर त्याच दिवशी गिटार खाली ठेवीन, असं त्याने मला बजावलं होतं. मी त्याच बँडच्या कोरसमध्ये गाते. तोंड उघडणं हाच माझा धंदा, पण एवढ्या बाबतीत तोंडाला कुलूप लावलं.

आणि नेमकं कॉन्सर्टची फिल्म काढत होते त्याच दिवशी, भर गाण्यात, गडी हरवला. बोटं थांबली. आमच्या गायकाच्या ते लक्षात आलं. त्याने पुढचं कडवं घेतलंच नाही, तीच ओळ घोळवत राहिला. मग याच्याजवळ येऊन लाकडी स्टेजवर पाय आपटायला लागला. ते बघून ट्रम्पेटवाले, व्हायोलिनवाले, आम्ही कोरसवाल्या, अख्खा गोतावळा एका ठेक्यात पाय आपटायला लागला. फळ्यांतून तो ठेका याच्या तळव्यांत चढला असणार, कारण याने बरोबर गाणं पकडलं. डोळे मिटलेलेच. घरी आल्यावर म्हणाला, वाचलो, कुणाला कळलं नाही. मी म्हटलं, हो ना.

आता फिल्म तयार झाली. आमच्याकडे पद्धत अशी, की बाहेर दाखवण्याआधी सगळ्या बँडने ती एकत्र बघायची. एकानेही नको म्हटलं तर तेवढं कापायचं. मी आधीच गायकाला गाठलं आणि ते गाणं कापून टाक म्हणून चांगलं फैलावर घेतलं.

"ताई, ते त्यालाच ठरवू दे," तो म्हणाला. मोठा आला शहाणा.

एडिटिंगच्या खोलीत दाटीवाटीने बसलो. ते गाणं आलं तसा मी नवऱ्याचा हात घट्ट धरला. पडद्यावर तो डोळे मिटून उभा, आणि सगळा बँड त्याच्याकडे बघत पाय आपटतोय. गायकाची तर प्रेक्षकांकडे चक्क पाठ. मला वाटलं, संपलं. आता हा उठणार आणि गिटार कायमची माळ्यावर टाकणार. माझा जीव तुटत होता त्याच्यासाठी.

तो उठला नाही. त्याने डोळे पुसले आणि सगळ्यांच्या देखत एडिटरला म्हणाला,

"तेवढा पायांचा आवाज वाढवा. मला ऐकू आला नाही."