बंद झालेल्या मॉडेलचं पुस्तक

मुलाने भंगारवाल्याला रविवारी सकाळी यायला सांगितलं होतं, आणि मला ते शुक्रवारी कळलं. तेही जेवताना, माझ्या तोंडात घास असताना, म्हणजे मला लगेच तोफ डागता येऊ नये.

"आई, त्या गाडीत आता काही राम राहिलेला नाही. तुला कुठे जायचं असेल तर मला सांगत जा, मी सोडेन."

हेच तर मला नको होतं. गाडी माझी. पडदे, अभ्रे, शाळेचे गणवेश शिवून शिवून घेतलेली. तिच्यातून मी माल पोचवते, बहिणीकडे जाते, आणि कधी घरात जीव विटला की उगाचच एक चक्कर मारून येते. मुलगा सोडेल, नाही म्हणत नाही. पण त्याच्या सवडीने सोडेल आणि वर विचारेल, "किती वेळ लागेल तुला?" या वयात मी परवानगीची चिठ्ठी घेऊन हिंडू की काय?

गाडीचं दुखणं असं होतं, की थंड असताना छान पळायची आणि तापली की मध्येच बंद. पाण्याच्या टाकीच्या चढावर तर हमखास. जरा वेळ उभी केली की पुन्हा शहाण्यासारखी सुरू. सर्व्हिस सेंटरमधल्या माणसाने कॉम्प्युटरवर गाडीचं नाव टाकलं, "हे मॉडेल कधीच बंद झालंय, पार्ट येत नाहीत," असं म्हणाला आणि चहाला निघून गेला. बॉनेट उघडायचे कष्टसुद्धा घेतले नाहीत.

"थंड झाली की चालते, म्हणजे मेलेली नाही," मी घास गिळून म्हटलं. "कुठेतरी रुसलीय. कुठे ते दुरुस्तीच्या पुस्तकात असणार. पुस्तक मिळालं की मी स्वतः करते."

मुलाने सुनेकडे पाहिलं, सुनेने ताटाकडे. शेवटी ठरलं ते असं: रविवारी भंगारवाला यायच्या आत गाडी टाकीचा चढ न थांबता चढली, तर राहील. नाही चढली, तर मी मुकाट्याने चावी द्यायची.

सून माझ्या बाजूची आहे, फक्त नवऱ्यादेखत तसं दाखवत नाही. तो झोपायला गेल्यावर ती फोन घेऊन माझ्या शेजारी बसली. पहिल्या ठिकाणी पुस्तकाआधी बँकेच्या कार्डाचा नंबर मागितला. दुसऱ्या ठिकाणी नुसत्या जाहिरातींचा पूर. तिसरीकडे खरंच एक पुस्तक उतरलं आणि आम्ही खूश झालो. पण ते निघालं गाडीबरोबर फुकट मिळतं ते. सीट मागे कशी घ्यावी, घड्याळ कसं लावावं. आणि गाडी बंद पडली तर? अधिकृत सेवा केंद्राशी संपर्क साधावा.

"त्याच मेल्याशी संपर्क साधून आलेय," मी फोनला सांगितलं.

शनिवारी सकाळी मी बॉनेट उघडलं आणि जुना टूथब्रश रॉकेलमध्ये बुडवून इंजिनावरचा नंबर घासून काढला. तो पेनाने हातावर लिहून घेतला. सुनेने विचारलं, हे कशाला? मी म्हटलं, "सवय. शिलाई मशीनचा पार्ट आणायचा तर कंपनीचं नाव कुणी विचारत नाही. एकच मशीन चौघं चार नावांनी विकतात. दुकानदार मशीनच्या अंगावरचा नंबर विचारतो."

एवढी शहाणी मी, आणि जुन्या पुस्तकांच्या दुकानात जाऊन काय विचारलं? गाडीचं नाव.

दुकानदार शेंगदाणे खात होता. "या गाडीचं पुस्तक आजवर कुणी विकलं नाही, बाई, आणि कुणी मागितलंही नाही." परीक्षांच्या गाइडांखाली, अगदी जमिनीलगत, गाड्यांची तेलकट पुस्तकं रचलेली होती. त्यात आमचं नाव नव्हतं. सून खाली फतकल मारून बसली, मी स्टुलावर. तोंड कडू झालं होतं. घाम पुसायला हात वर केला आणि हातावरचा नंबर दिसला.

"नावं बघू नकोस," मी सुनेला म्हटलं. "प्रत्येक पुस्तकाचं पहिलं पान उघड आणि इंजिनाचा नंबर कुठल्या अक्षरांनी सुरू होतो ते बघ."

दुकानदाराने शेंगदाणे बाजूला ठेवले आणि तोही बघू लागला. पुस्तक सापडलं ते सुनेलाच.

"आई, अक्षरं तीच आहेत. पण हे छोट्या टेम्पोचं आहे."

पाण्याचे जार आणि गॅसच्या टाक्या घेऊन गल्लोगल्ली धडधडत जातो ना, तो टेम्पो. कंपनीने त्याचंच इंजिन माझ्या गाडीत घातलं होतं आणि वर गोड नाव दिलं होतं. "म्हणजे इतकी वर्षं तुम्ही टेम्पो चालवताय," सून म्हणाली आणि आम्ही दोघी पोट धरून हसलो. मला तर नाचावंसं वाटत होतं. पार्ट येत नाहीत म्हणे! टेम्पोचे पार्ट तर कुठल्याही स्पेअरच्या दुकानात दाराशी टांगलेले असतात.

पुस्तकात तक्रारींचा तक्ताच होता. तापल्यावर बंद, थंड झाल्यावर सुरू, या तक्रारीपुढे पहिलंच कारण एका सेन्सरचं. इंजिन फिरतंय हे तो कळवतो, आणि बिघडला की तापल्यावर मुका होतो. मीटरने तपासा, असं लिहिलेलं. मीटर कुठला आणू? मी दारातच गाडी तापवली, बंद पडू दिली, चावी काढली आणि सेन्सरवर गार पाण्याचं फडकं धरलं. चावी फिरवली. पहिल्या झटक्यात सुरू. म्हणजे रुसलाय तो हाच.

सून टेम्पोचा नवा सेन्सर घेऊन आली. आता जुना काढायचा. एकच बोल्ट, पण इंजिनाच्या मागे, खाली, अडचणीत. मुलगा इतका वेळ दारातून गंमत बघत होता. "दे, मी करतो," म्हणाला आणि त्याचा पंजा मध्येच अडकला. "हात काढ," मी म्हटलं. मशीनच्या पोटात हात घालून माझा जन्म गेलाय. बोल्ट हलेना. तेल सोडलं, थांबले, पुन्हा पाना लावला. मनगट सोलवटलं, पण तो हलला, आणि तो हलला तेव्हा माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. नवा सेन्सर मग सहज बसला.

रविवारी आधी अख्ख्या वस्तीला फेऱ्या मारून गाडी चांगली तापवली, उगाच नंतर खुसपट नको. मुलगा शेजारी, सून मागे. चढ लागला. अर्ध्यावर, जिथे ती नेहमी मान टाकायची, तिथे मुलाने आपसूक दाराची कडी धरली. मी गिअर खाली घेतला आणि दाबलं. गाडी टेम्पोसारखी गुरगुरली आणि टाकीपाशी जाऊन पोचली.

मुलाने फोन काढून भंगारवाल्याला सांगितलं, "येऊ नका. गाडी विकायची नाही." मग माझ्याकडे बघून म्हणाला, "मानलं तुला. चल, वळव आता घरी."

मी वळवली नाही. टाकी मागे पडली, उतार लागला, समोर मोकळा रस्ता.

"आई, कुठे चाललीस?"

"ठरवलं नाही अजून," मी म्हटलं. "तुला घाई असेल तर पुढच्या नाक्यावर उतरवते."

तो उतरला नाही. सुनेने मागची काच खाली केली, आणि मी गिअर टाकला.