ह्यूचा पास

ग्लेनबार्नच्या खाणवस्तीत गॅव्हिन मीकलचं एकट्याचं नाव कुणी घेत नसे. "मीकलची पोरं" म्हणायचे, म्हणजे तो आणि थोरला ह्यू. दोघेही खाणीत कोळसा फोडत आणि शनिवारी पाळी सुटली की अंगावरची काजळी धुऊन गावच्या फुटबॉल संघातून खेळत. गॅव्हिन डाव्या कडेला, ह्यू त्याच्या आतल्या बाजूला. ह्यू मान वरही न करता मोकळ्या जागेत चेंडू सोडायचा. बघणाऱ्याला वाटे, गेला फुकट. तेवढ्यात गॅव्हिन तिथे हजर. ह्यूचा खांदा जरासा कलला की याचे पाय सुटायचे. बाप खाणीत दगावला तेव्हापासून एका खाटेवर झोपलेली भावंडं ती. आपसात फार बोलायचीही नाहीत.

१९०७च्या पानगळीत ग्लासगोच्या एका मोठ्या संघाचा माणूस सामना बघायला आला आणि संध्याकाळी थेट मीकलांच्या घरी. टोपी हातात धरून चुलीपाशी उभा राहिला. "गॅव्हिनला आम्ही घेतो," म्हणाला.

"आणि ह्यूला?" गॅव्हिनने विचारलं.

"आम्हाला डाव्या कडेचाच हवाय."

ह्यू सूप पीत होता, तो पीतच राहिला. मग वाडगा खाली ठेवून म्हणाला, "बघतोस काय लेका? जा की. घरातल्या एकाने तरी उजेडात काम करावं."

"तुझ्याशिवाय मी काय खेळणार?"

"तिथे माझ्यापेक्षा भारी लोक पडलेत. आणि मला जरा ऐसपैस झोपता येईल."

उरलेली ओटची भाकरी आईने फडक्यात बांधून त्याच्या पिशवीत घातली.

ग्लासगोत ह्यूच्या जागी अर्कर्ट नावाचा गडी होता. नावाजलेला, मनाने चांगला. पण त्याचा पास यायचा तो थेट पायात. तोवर गॅव्हिन पुढे पळालेला असायचा आणि चेंडू मागे. गर्दी खो-खो हसायची. "ए खाणवाल्या, चेंडू इकडे राहिला. घरी निघालास काय?"

"जरा थांबत जा रे," अर्कर्ट समजावायचा. "देतोय ना मी."

गॅव्हिन मान डोलवायचा, पण पाय ऐकायचे नाहीत.

जानेवारीत एका शनिवारी इतकं धुकं उतरलं की समोरचा गोल दिसेना. अर्कर्टला तिघांनी घेरलं. गॅव्हिन कुठे आहे हे न कळल्याने त्याने चेंडू नुसताच मोकळ्यात भिरकावला. गॅव्हिन आधीच सुटला होता. चेंडू नेमका डाव्या पायापुढे आला आणि त्याने तो तसाच जाळ्यात मारला. वळून, दोन्ही हात पसरून तो धावत सुटला. धुक्यातून अर्कर्टचा चेहरा पुढे आला, तेव्हा ते हात आपोआप खाली आले.

"नशीब बघ," अर्कर्ट हसत म्हणाला.

त्या संध्याकाळी घरमालकिणीने खास मटण शिजवलं. गॅव्हिन दोन घास खाऊन उठला.

"बरं नाही का रे?"

"आज गावाकडे सामना होता," तो म्हणाला.

तसं धुकं पुन्हा पडलं नाही. मार्चमध्ये त्याला बाहेर बसवलं आणि मे उजाडताच मॅनेजरने बोलावून सांगितलं, "पाय चांगलेत तुझे. पण तू एकटाच खेळतोस, पोरा."

पिशवी उचलून गॅव्हिन गावी परतला तेव्हा आई दारातच होती.

"ह्यू पाळीवर?"

"कॅनडाला गेला," आई म्हणाली. "झाले पंधरा दिवस."

गॅव्हिन तिथेच पायरीवर बसला.

"जहाज ग्लासगोहूनच सुटायचं होतं," ती सांगू लागली. "तुला भेटूनच जाणार होता. शेजारचा टॅम त्याला पोचवायला सोबत होता. दोघं मैदानावर गेले, तर तू खेळत नव्हतास. मागचे लोक तुझ्या नावाने वाट्टेल ते बोलत होते. ह्यूने एकाची कॉलर धरली, मग सोडली आणि बाहेर पडला. टॅमला म्हणाला, मी समोर गेलो तर तो सगळं टाकून माझ्यामागे जहाजावर चढेल."

"चढलोच असतो."

"तेच ना," आई म्हणाली. मग तिने विचारलं, "अजून जायचंय?"

"आणि तू?"

"मला काय, शेजार आहे."

त्याने तिच्या सुजलेल्या बोटांकडे पाहिलं आणि पिशवी आत नेऊन ठेवली. सोमवारी तो खाणीत उतरला.

गावच्या संघात ह्यूच्या जागी प्रिंगल नावाचा उंच गडी आला होता. सुरुवातीला इथेही गॅव्हिन पुढे आणि चेंडू मागे. पण इथे कुणी हसत नसे, आणि ते जास्त लागायचं. हळूहळू तो थांबायला शिकला. पुढच्या वर्षी गावाने परगण्याचा कप जिंकला. लोक म्हणाले, ग्लासगोने पोराला सुधारलं.

त्याच उन्हाळ्यात कॅनडाची थंडी न सोसून गावचा एक खाणकरी परत आला. गॅव्हिनने त्याला रस्त्यातच गाठून घरी आणलं.

"ह्यू मजेत आहे," तो म्हणाला. "समुद्राकाठच्या खाणीत काम करतो. फुटबॉल मात्र नाही खेळत."

"माझ्याबद्दल काही विचारलं?"

"सगळ्यांबद्दल विचारलं. तुझ्याबद्दल अगदी शेवटी. म्हणाला, 'अजून कडेनेच धावतो का तो?'"

आईने किटली चुलीवर चढवली. गॅव्हिनने खुर्ची पुढे ओढली.

"पुन्हा सांग," तो म्हणाला. "नेमकं कसं म्हणाला?"